अठ्ठावीस, त्रेसष्ट, एक्केचाळीस, पाच

तपासणीच्या खोलीतली लाकडी जमीन वैद्यकीय सहायक स्वतः पुसायचा. सफाईवाल्याला त्याने तिथे कधी हात लावू दिला नाही, कारण सफाईवाला ओल्या फडक्याने खसाखसा घासायचा आणि भिंतीपासून सहा मीटरवर मारलेली पांढरी रेघ दर वेळी पुसट व्हायची. त्या रेघेवर उभं राहून त्याने एकवीस वर्षं लोकांच्या पाठीमागून आकडे कुजबुजले होते. फौजेत ज्याला त्याला काही ना काही नाव पडतंच. याला ‘कुजबुजे’ पडलं, आणि ते असं चिकटलं की हजेरीपटावरचं खरं नाव कुणी पुकारलं तर तोच आधी इकडेतिकडे बघायचा.

चाचणी अगदी साधी होती. सैनिकाने भिंतीकडे तोंड करून उभं राहायचं, एक कान तळहाताने झाकायचा. कुजबुजेने मागून हलक्या आवाजात आकडा बोलायचा आणि सैनिकाने तो मोठ्याने परत सांगायचा. चार आकडे बरोबर आले की कान पहिल्या श्रेणीत. पहिली श्रेणी म्हणजे माणूस कुठेही पाठवायला मोकळा, कसल्याही कामाला लायक, बढतीच्या यादीत. श्रेणी उतरली की हातातलं काम गेलं, तुकडी गेली, उरलेली नोकरी गोदामात ब्लँकेटं मोजत काढायची. तोफांच्या आवाजाला न दचकणारे धटिंगण या खोलीच्या दाराशी आले की घाम पुसायचे.

वार्षिक तपासणीला एका सकाळी दोनशे माणसं यायची. प्रत्येकासाठी नवे आकडे कोण शोधत बसणार? नोकरीच्या पहिल्या दिवशी तोंडाला आले तेच कुजबुजेने कायम ठेवले: अठ्ठावीस, त्रेसष्ट, एक्केचाळीस, पाच. वर्षभरात ते अख्ख्या पलटणीला पाठ झाले. वरच्या साहेबांना हे ठाऊक होतं की नव्हतं कोण जाणे. दुपारच्या आत दोनशे फॉर्म टेबलावर येत होते, तेव्हा त्यांनी खोलात जायची तसदी घेतली नाही. आपण हे दयेपोटी करतो की आळसापोटी, हे कुजबुजेने स्वतःलाही कधी विचारलं नाही. विचारलं असतं तर उत्तर जड गेलं असतं.

पण ज्याला मुळात ऐकूच येत नाही त्याला आकडे पाठ असून काय उपयोग? आकडा कधी म्हणायचा तेही कळायला हवं. ही अडचण पहिल्यांदा आणली ती तोफचीने.

सोळा वर्षांपूर्वीची गोष्ट. तेव्हा तोफची तिशीच्या आतला, छाती भरदार, आवाज त्याहून भरदार. रांग संपल्यावर तो हळूच आत आला आणि म्हणाला, “कानात शिट्टी वाजते हो. थांबतच नाही. डाव्या कानाने तर काही उमगतच नाही. पण यंदा राहू द्या. तोफेवर सगळी नवी माणसं आली आहेत, मी हललो तर नेम कोण धरणार? पुढच्या वर्षी तुम्ही म्हणाल ते.”

कुजबुजेने खाली लाकडी जमिनीकडे बघितलं. “मी टाच आपटेन,” तो म्हणाला. “तळपायाला कळलं की आकडा म्हणायचा.”

पुढच्या वर्षी तोफचीला बढती लागणार होती. त्याच्या पुढच्या वर्षी मुलगी झाली. मग सरहद्दीवर दीड वर्षं तोफा धडधडत राहिल्या, तेव्हा हा विषय काढायचीही सोय नव्हती. असं करता करता ‘पुढचं वर्ष’ सोळा वेळा आलं आणि सोळा वेळा कुजबुजेने फॉर्मवर एकच शेरा मारला, ‘श्रवण उत्तम’, आणि खाली आपली गिचमिड सही केली. दोघांची काही दोस्ती नव्हती. वर्षातून एकदा, चार वेळा टाच, बस्स.

आज तो तोफची निवृत्तीच्या मेडिकल बोर्डापुढे येणार होता.

नियमाप्रमाणे शेवटच्या वर्षी त्याला तोफेवरून काढून गोदामात बसवलं होतं. जाताना सगळ्यांची असते तशी त्याची मोठ्या हॉस्पिटलात यंत्रावर तपासणी झाली. ते यंत्र एरवी फक्त कुजबुजेच्या खोलीत नापास झालेल्यांच्या वाट्याला यायचं. यंत्रापुढे टाच चालत नाही. डावा कान संपला होता, उजवा संपत आला होता. आता बोर्डाने एकच ठरवायचं होतं: हा बहिरेपणा सेवेमुळे आला, की सेवेशी त्याचा संबंध नाही. सेवेमुळे म्हटलं तर जन्मभर फौजेच्या हॉस्पिटलात इलाज, कानाचं चांगलं यंत्र, अपंगत्वाची पेन्शन. संबंध नाही म्हटलं तर एक निरोपाचं पत्र आणि उघडं फाटक.

व्हरांड्यातल्या बाकावर तोफची आणि त्याची बायको बसले होते. ती कडक इस्त्रीची साडी नेसून आली होती आणि पिशवीतले कागद तिसऱ्यांदा लावत होती. कुजबुजे फाईल घ्यायला बाहेर आला तशी ती उठली.

“भाऊजी, तुम्ही यांच्या ओळखीचे ना? तुम्हीच सांगा, होईल ना यांचं काम?”

“बोर्ड ठरवेल, वहिनी,” कुजबुजे म्हणाला. हे वाक्य तो रोजच म्हणायचा, पण आज म्हणताना त्याने तिच्याकडे बघायचं टाळलं.

“मला इतकी वर्षं वाटायचं, हे मला मुद्दाम टाळतात. काहीही बोला, यांचं आपलं ‘हं’. भाजी आणता का? हं. भाजीत मीठ कमी पडलंय का? हं. एकदा आतल्या खोलीतून रडत सांगितलं, अहो, माझी आई गेली. तर म्हणाले, हं.” तिने कागद परत पिशवीत सारले. “त्या एका ‘हं’साठी मी यांच्याशी दोन वर्षं धड बोलले नाही. आणि यांना ते कळलंही नाही. ऐकूच आलं नव्हतं, तर कळणार काय?”

तोफची दोघांच्या तोंडाकडे आळीपाळीने बघत होता. बोलणं आपल्याबद्दल आहे एवढं त्याला उमगलं असावं. तो हसला आणि म्हणाला, “मला दुसरं काही नको. तेवढं मशीन मिळू दे. हिचं सोळा वर्षांचं बोलणं साठलंय, ते सगळं ऐकायचं आहे. शिक्षाच आहे म्हणा.”

बायकोने त्याच्या दंडावर चापटी मारली, पण डोळे पुसले. मग तोफची कुजबुजेच्या अगदी जवळ आला, तोंड त्याच्या कानाशी नेलं आणि आपल्या मते अगदी हळू आवाजात बोलला.

“तुमचं नाव मी घेणार नाही. निर्धास्त राहा.”

बहिऱ्या माणसाची कुजबुज ती. व्हरांड्याच्या पार टोकाला पाय प्लास्टरमध्ये घालून बसलेल्या ड्रायव्हरनेसुद्धा मान वर करून बघितलं. चार महिन्यांनी कुजबुजे स्वतः निवृत्त होणार होता. फाईलमधल्या सोळा खोट्या नोंदी बाहेर आल्या तर निरोपाच्या हाराऐवजी चौकशीचा कागद गळ्यात पडणार होता. त्याने ओठांवर बोट ठेवलं आणि फाईल छातीशी धरून आत गेला. स्वतःची लाज वाटली, पण भीती तिच्याहून मोठी होती, हे खोटं कशाला बोला?

बोर्ड त्याच तपासणीच्या खोलीत बसलं होतं, त्यावर तिघं होते. मध्ये अध्यक्ष कर्नल, त्यांच्या ओठांवर झुडपासारखी मिशी. एका बाजूला कागदपत्रं बघणारे मेजर, बोलायचं नाही असं ठरवून आल्यासारखे. दुसऱ्या बाजूला मोठ्या हॉस्पिटलातून आलेल्या कानाच्या डॉक्टरीणबाई. कर्नलने दोन प्रश्न विचारले आणि दोन्हींना तोफचीने “हो साहेब” म्हटलं. पैकी दुसरा प्रश्न होता, “तुम्हाला दारूचं व्यसन आहे का?”

“यांना तोंड बघून कळतं साहेब,” दारातून बायको म्हणाली. “पण तुमच्या मिशीमुळे…” आणि जीभ चावून गप्प झाली. बाई हसू दाबत फाईलमध्ये बघू लागल्या. कर्नल माणूस वाईट नव्हता. त्याने तिला आत बोलावून नवऱ्यासमोर खुर्ची दिली. मग तो विचारायचा, ती नवऱ्याकडे तोंड करून सावकाश बोलायची, आणि नवरा उत्तर द्यायचा.

“त्रास कधीपासून?”

“सोळा-सतरा वर्षं झाली साहेब.”

“फाईल तसं म्हणत नाही.” कर्नलने पानं उलटली. “दर वर्षी श्रवण उत्तम. शेवटची नोंद अकरा महिन्यांपूर्वीची, तेव्हाही उत्तम. त्यानंतर तुम्ही गोदामात. गोदामात तोफा उडतात का?”

“सर, यंत्रावरचा हा आलेख एका वर्षात होत नाही,” बाई म्हणाल्या. “ही घसरण धमाक्यांची आहे. वर्षानुवर्षांची.”

“आलेख काय झालं ते सांगतो. कधी झालं ते फाईल सांगते. मी फाईल सोडून लिहू कसा?” कर्नल बायकोकडे वळला. “विचारा यांना, इतका त्रास होता तर दर वर्षी पास कसे झाले? कुणी पास केलं?”

तिने विचारलं. तोफचीने तिचे ओठ नीट वाचले. मग तो ताठ झाला आणि समोरच्या भिंतीकडे बघत म्हणाला, “माझं मीच केलं साहेब. अंदाजाने.”

“सोळा वर्षं अंदाजाने?”

“नशीब होतं साहेब.”

कर्नलने पेन टेबलावर टाकलं. फाईलमधली ती गिचमिड सही कुणाची, हे विचारायचं त्याच्या मनात आलं नाही. सही करणारा चार हातांच्या अंतरावर उभा होता. “ठीक आहे,” कर्नल म्हणाला. “फॉर्मवर कुजबुज चाचणीचा रकाना रिकामा आहे, तेवढा भरा आणि संपवा. सहायक, घ्या चाचणी.”

तोफची भिंतीपाशी गेला. त्याला सांगावं लागलं नाही. त्याने डावा हात उचलला, तळहाताने कान झाकला. मानेवरचे केस पिकले होते, एरवी उभं राहणं तेच होतं. कुजबुजे मागे मागे जात पांढऱ्या रेघेवर आला.

आता त्याने काहीच केलं नसतं तरी भागलं असतं. हळूच आकडा पुटपुटायचा आणि टाच हलू द्यायची नाही. तोफची गप्प उभा राहिला असता, रकान्यात ‘ऐकू येत नाही’ असं लिहिलं गेलं असतं आणि ते खरंही असतं. बहिरेपणा अकरा महिन्यांतला ठरला असता. कुणाचं काही वाकडं झालं नसतं. म्हणजे कुजबुजेचं झालं नसतं.

त्याने डॉक्टरीणबाईंकडे पाहिलं. त्या त्याच्याचकडे बघत होत्या. त्याने ओठ घट्ट मिटले, इतके की त्यांना ते दिसावेत, आणि टाच आपटली.

“अठ्ठावीस!” तोफची भिंतीला म्हणाला.

पुन्हा टाच.

“त्रेसष्ट!”

बाईंचं पेन थांबलं. बायको खुर्चीच्या कडेला सरकून बसली. तिसरी टाच पडली आणि चौथीही पडली.

“एक्केचाळीस! पाच!”

कवायतीत हजेरी द्यावी तसा खणखणीत आवाज. चार झाले तसा तोफची वळला, आणि सोळा वर्षं वळताना यायचं तेच सुटकेचं हसू त्याच्या तोंडावर होतं. मग त्याला आठवलं की आज पास व्हायचं नव्हतं. ते हसू ओठांवरच मेलं. कुजबुजेला वाटलं, आपल्याला कुणीतरी जमिनीत पुरावं.

कर्नल फाईलमध्ये मान घालून बसला होता. त्याने फक्त उत्तरं ऐकली होती. “ऐकू येतंय की यांना!”

“सर,” बाई म्हणाल्या, “सहायकांनी तोंड उघडलंच नव्हतं.”

मेजरांनीही पहिल्यांदाच मान वर केली. कर्नल उठला, टेबलाला वळसा घालून रेघेपाशी येऊन उभा राहिला. “पुन्हा करा. माझ्यासमोर.”

तोफचीला पुन्हा भिंतीकडे वळवलं. कुजबुजेने टाच आपटली. तोफची गप्प. अजून जोरात आपटली, टेबलावरचा पेला किणकिणला. तोफचीची मान लाल झाली होती, तळहाताने कान दाबून धरला होता, पण तोंडातून शब्द निघाला नाही. त्याला वाटलं होतं की आपल्या तोंडाच्या सवयीने कुजबुजेला अडकवलं, आणि आता निदान पुढचं तरी वाचवावं. हे त्याच्या पाठीवरूनच कळत होतं.

तेव्हा कुजबुजेला तोंडाने सांगणं भाग पडलं. एकवीस वर्षांत या खोलीत तो पहिल्यांदाच मोठ्याने बोलला.

“साहेब, सोळा वर्षं मी असंच केलंय. सह्या माझ्या आहेत. यांना तेव्हाही ऐकू येत नव्हतं. पहिल्या वर्षीच डावा कान गेल्यात जमा होता. मला माहीत होतं. मी उत्तम लिहिलं.”

तोफची भिंतीकडे तोंड करून उभाच होता. त्याच्या पाठीमागे, सहा मीटरवर, त्याचं सगळं आयुष्य सांगितलं जात होतं आणि त्याच्यापर्यंत त्यातलं अक्षर पोचत नव्हतं. बायकोला मात्र सगळं ऐकू गेलं.

“बाहेर बसा,” कर्नल म्हणाला. “तिघंही.”

अर्धा तास लागला. व्हरांड्यातल्या बाकावर तिघं एका ओळीत बसले, मध्ये तोफची. त्याने दोनदा बायकोला विचारलं, “काय म्हणाले?” दोनदा तिने हातानेच थांबा म्हणून सांगितलं. प्लास्टरवाला ड्रायव्हर शेजारच्या खोलीत जाऊन, काम आटपून, कुबड्या टेकत निघूनही गेला.

शेवटी डॉक्टरीणबाई स्वतः बाहेर आल्या. कागद बायकोच्या हातात देऊन उभ्याउभ्याच बोलल्या. “दुखणं सेवेत असताना सुरू झालं, एवढं बोर्डाने मान्य केलंय. पण यांनी ते स्वतः लपवलं, लपवून तोफेवर राहिले, म्हणून जबाबदारी सेवेची नाही, असा निकाल आहे. मी माझं मत वेगळं नोंदवलंय. एकाविरुद्ध दोन मतं पडली. तुम्ही वर अपील करा.” मग त्या कुजबुजेकडे वळल्या, आणि त्यांना ते अवघड गेलं. “सहायक, खोलीची किल्ली माझ्याकडे द्यायला सांगितलंय. चौकशीचा कागद उद्या निघेल.”

कुजबुजेने कमरेची किल्ली काढून दिली. बाई आत गेल्या. आतून मेजरांनी पुढचं नाव पुकारल्याचा आवाज आला.

“मी लिहून देईन, वहिनी,” तो म्हणाला. “अपिलाला. सगळं लिहून देईन. तारखांसकट.”

तिने कागदाची घडी घातली, पुन्हा उलगडली, पुन्हा घातली. ती ओरडली असती तर बरं झालं असतं. ती अगदी हळू बोलली, आणि बोलताना नवऱ्याच्या बाजूला तोंड केलं नाही, म्हणजे त्याला दिसू नये.

“भाऊजी, तुम्ही आज खरं बोललात, त्याला मी नाव ठेवत नाही. पण पहिल्या वर्षी यांना नापास केलं असतंत ना, तर हे तोफेवरून निघाले असते. चार दिवस चिडचिड केली असती. आणि निदान यांचा एक कान तरी राहिला असता.”

इतकी वर्षं कुजबुजे आपण या माणसाला सांभाळून घेतोय असं समजत होता. आणि दर वर्षी चार वेळा टाच आपटून त्याने त्याला परत त्याच तोफेच्या तोंडाशी नेऊन उभं केलं होतं.

तोफचीने दोघांच्या तोंडाकडे पाहिलं. बायकोची मान खाली होती, तेव्हा तिच्याकडून काही कळण्यासारखं नव्हतं. म्हणून तो कुजबुजेकडे सरकला, त्याच्या गुडघ्यावर हात ठेवला आणि तोंड त्याच्या कानाशी नेलं.

“चुकलं हो माझं,” तो म्हणाला. सगळ्या व्हरांड्याला ऐकू गेलं. “टाच लागली आणि तोंडातून गेलंच. सवय झाली होती. पण तुमचं नाव मी घेतलं नाही हं.”